छेद वेगळे असलेल्या अपूर्णांकांची बेरीज: कोणती पद्धत, कधी आणि का

१/२ आणि १/३ यांची बेरीज करायला सांगितली की पुष्कळ मुलं २/५ लिहून मोकळी होतात. वर एक आणि एक दोन, खाली दोन आणि तीन पाच. हे उत्तर चूक आहे एवढं सांगून भागत नाही. ते का चूक आहे हे मुलाला स्वतःला दिसलं पाहिजे, आणि त्यासाठी एकच प्रश्न पुरतो: २/५ मोठा की १/२? पाच भागांतले दोन म्हणजे निम्म्याहून कमीच. अर्ध्यामध्ये आणखी काही मिळवलं आणि उत्तर अर्ध्यापेक्षाही लहान आलं, असं होऊच शकत नाही.

तरीही ही चूक इतकी सहज होते, कारण वरचं वर आणि खालचं खाली मिळवणं काही ठिकाणी खरोखर बरोबर असतं. एका चाचणीत ५ पैकी ३ उत्तरं बरोबर आली आणि दुसऱ्या चाचणीत ७ पैकी ४. दोन्ही मिळून १२ पैकी ७ बरोबर, यात काहीच चूक नाही. पण तिथे आपण ३/५ आणि ४/७ यांची बेरीज केलेलीच नसते. दोन वेगवेगळे गट एकत्र करून नवा, मोठा गट केलेला असतो आणि त्या नव्या गटातलं प्रमाण काढलेलं असतं. म्हणूनच ७/१२ हा ३/५ आणि ४/७ यांच्या मध्ये कुठेतरी पडतो, दोघांपेक्षा मोठा होत नाही. अपूर्णांकांच्या बेरजेत मात्र पूर्ण वस्तू एकच धरलेली असते. १/२ आणि १/३ हे एकाच एककाचे भाग आहेत. शिकवताना हा फरक स्पष्ट सांगावा असं मला फार वाटतं, कारण नाहीतर मुलाला वाटत राहतं की आपलं तर्कशुद्ध उत्तर शिक्षकांनी उगाच खोडलं.

छेद मोजायचा नसतो

३/७ मध्ये ७ हा छेद तुकडा केवढा आहे हे सांगतो: एका वस्तूचे सात समान भाग केले, त्यांतला एक एवढा. ३ हा अंश सांगतो की असे तुकडे किती घेतले. म्हणून ३/७ + २/७ हे गणित वाचताना "तीन सप्तमांश अधिक दोन सप्तमांश" असं वाचावं. उत्तर आपोआप तोंडात येतं: पाच सप्तमांश, म्हणजे ५/७. तुकड्यांची संख्या वाढली, तुकड्याचा आकार आहे तोच राहिला. मग छेद बदलायचं काही कारणच नाही.

आता २/३ + १/४ घ्या. दोन तृतीयांश अधिक एक चतुर्थांश. तुकडे एकूण तीन आहेत खरे, पण तीन कशाचे? तृतीयांशांचे नाहीत आणि चतुर्थांशांचेही नाहीत. आकार वेगळे असल्यामुळे "तीन" या संख्येला इथे काही अर्थच उरत नाही. म्हणून आधी दोन्ही अपूर्णांक एकाच आकाराच्या तुकड्यांत मांडायचे, मगच मोजायचे. पुढच्या सगळ्या पद्धती, कितीही वेगळ्या दिसल्या, तरी हा समान आकार शोधण्यासाठीच आहेत.

हे काही नवीन कौशल्य नाही. अर्धा आणि पाव मिळून पाऊण होतात, हे आपण अपूर्णांक लिहायला शिकण्याआधीपासून म्हणत असतो. त्यात मनातल्या मनात अर्ध्याचे दोन पाव होतात, त्यांत तिसरा पाव मिळतो. सव्वा आणि दीड मिळून पावणेतीन, तेही असंच. कागदावर करायचं ते हेच, फक्त पाव सोडून इतर आकारांसाठीही.

तुकडे बारीक करताना किंमत बदलत नाही

२/३ मधल्या प्रत्येक तुकड्याचे चार सारखे भाग केले तर दोनाचे आठ तुकडे होतात, आणि पूर्ण वस्तूत असे तीनाऐवजी बारा तुकडे मावतात. म्हणून २/३ = ८/१२. घेतलेला भाग तेवढाच आहे, त्यावर कापण्याच्या रेघा तेवढ्या वाढल्या. अशा अपूर्णांकांना सममूल्य अपूर्णांक म्हणतात. नियम इतकाच की अंशाला आणि छेदाला एकाच संख्येने गुणायचं (शून्य सोडून).

इथे एक गोष्ट आवर्जून तपासून पाहावी. अंशात आणि छेदात एकच संख्या मिळवली तर सममूल्य अपूर्णांक मिळत नाही. २/३ च्या वर-खाली १ मिळवला तर ३/४ होतो, आणि ३/४ हा २/३ पेक्षा मोठा आहे. गुणणं म्हणजे प्रत्येक तुकडा सारखा कापणं. मिळवण्यात तसं काहीच घडत नाही.

चौकोनातून पाहा

नियम सांगण्याआधी एकदा चित्र काढाच. चौकटीच्या वहीवर तीन घरं रुंद आणि चार घरं उंच असा आयत आखा. एकूण १२ घरं झाली. हा संपूर्ण आयत म्हणजे १. आता २/३ म्हणजे तीन उभ्या पट्ट्यांपैकी दोन; त्यांतली घरं मोजा, आठ भरतात. १/४ म्हणजे चार आडव्या ओळींपैकी एक. तिच्यात तीन घरं आहेत. (दोन्ही भाग एकाच आयतात रंगवू नका, काही घरं दोनदा रंगली जातील. शेजारी-शेजारी दोन आयत काढा.) आठ घरं आणि तीन घरं मिळून अकरा घरं, म्हणून बेरीज ११/१२.

या चित्रात एक महत्त्वाची गोष्ट दडलेली आहे. छेद कोणतेही असोत, एक छेद रुंदीला आणि दुसरा उंचीला घेतला की असा आयत नेहमी आखता येतो. म्हणजेच दोन्ही छेदांचा गुणाकार हा समान छेद म्हणून नेहमी चालतोच. तो सर्वांत लहान असेल असं मात्र नाही. १/४ + १/६ साठी ४ × ६ चा आयत काढलात तर २४ घरं होतात, त्यांत ६ आणि ४ मिळून १० घरं रंगतात. १०/२४ बरोबर आहे, पण घरं दोन-दोन जोडून मोजता आली असती आणि ५/१२ इतक्यावर काम झालं असतं. ४ आणि ६ या दोघांनाही २ ने भाग जातो, म्हणून ही जोडणी शक्य झाली.

पायऱ्या

२/३ + १/४ हेच उदाहरण आता अंकांत करू.

पहिली पायरी: दोन्ही छेदांनी भाग जाईल अशी संख्या शोधा. ३ आणि ४ साठी १२.

दुसरी पायरी: प्रत्येक छेदाला कितीने गुणलं की ती संख्या येते ते पाहा, आणि त्याच संख्येने अंशालाही गुणा. ३ ला ४ ने, म्हणून २/३ = ८/१२. ४ ला ३ ने, म्हणून १/४ = ३/१२.

तिसरी पायरी: अंशांची बेरीज करा, छेद तोच ठेवा. ८/१२ + ३/१२ = ११/१२.

चौथी पायरी: उत्तराला संक्षिप्त रूप देता येतं का पाहा. अंश छेदापेक्षा मोठा असेल तर पूर्णांक वेगळा काढा. इथे दोन्हींची गरज नाही.

बहुतेक चुका दुसऱ्या पायरीत होतात. छेद १२ केला, पण अंश तसाच ठेवला, आणि २/१२ + १/१२ = ३/१२ असं लिहिलं. ते टाळायला मधली ओळ पूर्ण लिहावी: (२ × ४)/(३ × ४) + (१ × ३)/(४ × ३). हात बसेपर्यंत ही ओळ गाळू नये. तिच्यात वर आणि खाली एकच आकडा दिसला पाहिजे, म्हणजे डोळ्यांनाच तपासणी होते.

छेदांकडे आधी नीट बघा

समान छेद शोधताना लगेच लसावि काढायला धावू नये. (लसावि म्हणजे लघुतम सामाईक विभाज्य: दोन्ही संख्यांनी भाग जाणारी सर्वांत लहान संख्या.) आधी दोन छेदांचं एकमेकांशी नातं काय आहे ते बघावं. नातं तीनच प्रकारचं असतं आणि त्यावरून कामाची पद्धत ठरते.

एका छेदाने दुसऱ्याला भाग जात असेल तर काम सर्वांत सोपं. ३/८ + १/२ मध्ये ८ ला २ ने भाग जातो, म्हणून ८ हाच समान छेद. पहिल्या अपूर्णांकाला हातही लावायचा नाही. १/२ चे ४/८ करायचे. ३/८ + ४/८ = ७/८. अशा ठिकाणी १६ छेद घेऊन बसणाऱ्या मुलाचं उत्तर चुकत नाही, पण त्याने छेदांकडे पाहिलंच नाही हे कळतं.

दोन्ही छेदांना १ सोडून कोणत्याही एकाच संख्येने भाग जात नसेल, तर ते सहमूळ आहेत. मग थेट गुणाकार करा. ३/८ + २/५ मध्ये ८ आणि ५ सहमूळ, म्हणून छेद ४०: १५/४० + १६/४० = ३१/४०. यालाच बरेच जण तिरकस गुणाकार म्हणून शिकतात: पहिल्याचा अंश गुणिले दुसऱ्याचा छेद, दुसऱ्याचा अंश गुणिले पहिल्याचा छेद, दोन्ही मिळवा, खाली छेदांचा गुणाकार. पद्धत अगदी बरोबर आहे. फक्त ती "अशी करतात" म्हणून पाठ करू नये; आयतातली घरंच आपण मोजतोय हे लक्षात असावं.

तिसरा प्रकार थोडा थांबून समजून घ्यायचा आहे: छेदांमध्ये काही अवयव सामाईक आहेत, पण एकाने दुसऱ्याला पूर्ण भाग जात नाही. उदाहरणार्थ ५/६ + ३/८. इथे सर्वांत जलद उपाय म्हणजे मोठ्या छेदाचा पाढा म्हणायचा आणि प्रत्येक संख्येला लहान छेदाने भाग जातो का पाहायचं. ८? नाही. १६? नाही. २४? हो, सहाचोक चोवीस. म्हणून २०/२४ + ९/२४ = २९/२४, म्हणजे १ पूर्णांक ५/२४. लहान छेदाचा पाढा म्हणत बसलात तरी उत्तर येईल, पण जास्त पायऱ्या चढाव्या लागतील.

छेद मोठे झाले की पाढा पुरत नाही. तिथे मसावि, म्हणजे महत्तम सामाईक विभाजक, कामाला येतो. ७/२४ + ५/३६ घ्या. २४ आणि ३६ यांचा मसावि १२. म्हणजे २४ = १२ × २ आणि ३६ = १२ × ३. १२ हा भाग दोघांकडेही आहे, उरलेले २ आणि ३ वेगळे आहेत. प्रत्येकाला दुसऱ्याचं उरलेलं द्यायचं: पहिल्या अपूर्णांकाला वर-खाली ३ ने गुणा, दुसऱ्याला २ ने. २१/७२ + १०/७२ = ३१/७२. लसावि वेगळा काढायचीही गरज पडली नाही, तो आपोआप खाली तयार झाला.

याच गणितात तिरकस गुणाकार केला असता तर (२५२ + १२०)/८६४, म्हणजे ३७२/८६४ आलं असतं. त्याला १२ ने भागलं की ३१/७२ मिळतं. उत्तर तेच, पण मेहनत किती वाढली पाहा. भास्कराचार्यांनी बाराव्या शतकात समच्छेद करण्याचे हे दोन्ही मार्ग सांगून ठेवले आहेत: एकमेकांच्या छेदांनी गुणा, किंवा छेदांना समान विभाजकाने भागून आलेल्या लहान संख्यांनी गुणा. दुसरा मार्ग त्यांनी सुज्ञ माणसासाठी म्हणून सांगितला आहे, आणि मला तो आजही शिकवायला सर्वांत चांगला वाटतो.

मसावि चटकन दिसत नसेल तेव्हा

५/९१ + ४/११९ हे गणित पाहा. ९१ ही संख्या अनेकांना मूळ संख्याच वाटते, आणि ११९ सुद्धा. मग गुणाकार करून १०,८२९ हा छेद घेतला जातो. त्याऐवजी मोठ्या संख्येला लहानाने भागून बाकी घ्या, मग लहान संख्येला त्या बाकीने भागा, असं बाकी शून्य येईपर्यंत करा. शेवटचा भाजक हा मसावि.

११९ ला ९१ ने भागलं, बाकी २८. ९१ ला २८ ने भागलं, बाकी ७. २८ ला ७ ने भागलं, बाकी ०. मसावि ७ मिळाला. म्हणून ९१ = ७ × १३ आणि ११९ = ७ × १७. आता पहिल्याला १७ ने आणि दुसऱ्याला १३ ने गुणा: ८५/१५४७ + ५२/१५४७ = १३७/१५४७. अवयव न पाडता, अंदाज न बांधता, तीन भागाकारांत काम झालं. ही रीत युक्लिडच्या नावाने ओळखली जाते आणि दोन हजार वर्षांहून जुनी आहे. मोठ्या संख्यांसाठी यापेक्षा सोपं साधन नाही.

मूळ अवयव पाडूनही लसावि निघतो. ८४ = २ × २ × ३ × ७ आणि ९० = २ × ३ × ३ × ५. प्रत्येक मूळ संख्या ज्या छेदात जास्त वेळा आली असेल तितक्या वेळा घ्यायची: २ दोनदा, ३ दोनदा, ५ एकदा, ७ एकदा. गुणाकार १२६०. म्हणून ५/८४ + ११/९० = ७५/१२६० + १५४/१२६० = २२९/१२६०. ही रीत वर्गात सर्वांत जास्त वापरली जाते. दोन अपूर्णांकांसाठी मला ती थोडी लांबची वाटते, पण तीन-चार अपूर्णांक असतील तर तीच बरी.

तीन किंवा जास्त अपूर्णांक

१/८ + ५/१२ + ७/१८ मध्ये तिन्ही छेद एका ओळीत लिहा: ८, १२, १८. निदान दोन संख्यांना भाग जाईल अशी मूळ संख्या घ्या. २ ने भागलं: ४, ६, ९. पुन्हा २ ने: २, ३, ९ (९ ला भाग जात नाही, तो तसाच खाली उतरला). ३ ने: २, १, ३. आता कोणत्याही दोघांना एकाच मूळ संख्येने भाग जात नाही, इथे थांबा. डावीकडचे भाजक आणि शेवटच्या ओळीतल्या संख्या यांचा गुणाकार करा: २ × २ × ३ × २ × १ × ३ = ७२.

७२ मध्ये ८ नऊ वेळा, १२ सहा वेळा आणि १८ चार वेळा जातो. म्हणून ९/७२ + ३०/७२ + २८/७२ = ६७/७२.

पण हे यंत्र सुरू करण्याआधी जोड्या जुळतात का ते पाहावं. १/६ + ३/४ + ५/६ + १/४ मध्ये समान छेद काढण्याचं काही कारण नाही. १/६ आणि ५/६ मिळून १, ३/४ आणि १/४ मिळून १, उत्तर २. बेरीज कोणत्याही क्रमाने केली तरी उत्तर बदलत नाही, ही सवलत अपूर्णांकांनाही आहे.

पूर्णांकयुक्त अपूर्णांक

२ पूर्णांक ३/४ आणि १ पूर्णांक ५/६ यांची बेरीज करताना पूर्णांक वेगळे आणि अपूर्णांक वेगळे मिळवा. २ + १ = ३. ३/४ + ५/६ = ९/१२ + १०/१२ = १९/१२ = १ पूर्णांक ७/१२. एकूण ४ पूर्णांक ७/१२. आलेला १ पूर्णांकांत मिळवायला विसरू नका, आणि उत्तर "३ पूर्णांक १९/१२" असं अर्धवट सोडू नका.

दोन्ही अपूर्णांक आधी अंशाधिक (अंश छेदापेक्षा मोठा असलेले) करूनही चालतं: ११/४ + ११/६ = ३३/१२ + २२/१२ = ५५/१२ = ४ पूर्णांक ७/१२. संख्या लहान असतील तर हे ठीक. पण ३७ पूर्णांक २/५ सारखं काही आलं तर १८७/५ करून गुणत बसण्यात अर्थ नाही.

वजाबाकीचीही हीच रीत. ५/६ − ३/८ = २०/२४ − ९/२४ = ११/२४. एकच वेगळी गोष्ट: ३ पूर्णांक १/४ मधून १ पूर्णांक २/३ वजा करताना ३/१२ मधून ८/१२ जात नाहीत. मग ३ मधला १ सुटा करून त्याचे १२/१२ करायचे. २ पूर्णांक १५/१२ मधून १ पूर्णांक ८/१२ गेले, उरले १ पूर्णांक ७/१२.

संक्षिप्त रूप देताना कष्ट कसे वाचवायचे

लसावि घेऊन बेरीज केली म्हणजे उत्तर आपोआप अतिसंक्षिप्त (अंश आणि छेद दोघांनाही १ सोडून कोणत्याही एकाच संख्येने भाग जात नाही असं) येतं, हा समज बरोबर नाही. १/६ + ३/१० = ५/३० + ९/३० = १४/३०. इथे ३० हा लसाविच आहे, तरी १४/३० ला २ ने भाग जातो आणि ७/१५ मिळतं.

पण भाग कोणत्या संख्येने जाऊ शकेल हे आधीच ओळखता येतं, आणि हे फार कमी ठिकाणी सांगितलं जातं. दिलेले दोन्ही अपूर्णांक मुळात अतिसंक्षिप्त असतील, तर उत्तरात फक्त छेदांच्या मसाविमधले अवयवच कटू शकतात. ६ आणि १० यांचा मसावि २. म्हणून १४ ला २ ने भाग जातो का एवढंच पाहायचं. ३ आणि ५ तपासायचेच नाहीत.

कारण समजून घेण्यासारखं आहे. ३ ही मूळ संख्या फक्त ६ मध्ये आहे, १० मध्ये नाही. समच्छेद करताना ३/१० ला ३ ने गुणावं लागलं, म्हणून ९ ला ३ ने भाग जातो. १/६ ला मात्र ५ ने गुणलं, आणि १ ला ३ ने भाग जात नव्हता, म्हणून ५ ला ३ ने भाग जात नाही. एकाला भाग जातो आणि दुसऱ्याला जात नाही, तेव्हा त्यांच्या बेरजेला भाग जाणं शक्यच नाही. जी मूळ संख्या एकाच छेदात आहे ती उत्तरातून कधीच कटत नाही.

यातून दोन सोयी होतात. छेद सहमूळ असतील तर उत्तर आहे तसंच अतिसंक्षिप्त असतं. ३१/४० वर पुन्हा नजर टाकायचीही गरज नव्हती. आणि मसावि आधीच काढला असेल तर तोच शेवटी तपासणीलाही वापरता येतो. ८४ आणि ९० यांचा मसावि ६; २२९ ही विषम संख्या आहे आणि तिच्या अंकांची बेरीज १३ आहे, म्हणजे २ नेही भाग जात नाही आणि ३ नेही नाही. २२९/१२६० इथे काम संपलं. १/१० + १/१५ = ५/३० मध्ये मसावि ५ आहे, ५ ला ५ ने भाग जातो, उत्तर १/६.

ही सोय दोन अपूर्णांकांसाठी आहे. तीन असतील तर नेहमीसारखं पूर्ण तपासावं.

उत्तर पटतंय का?

गणित करण्याआधी अंदाज बांधायची सवय लावावी. प्रत्येक अपूर्णांक ०, अर्धा आणि १ यांपैकी कशाच्या जवळ आहे ते बघायचं. ७/८ + ११/१२ मध्ये दोन्ही १ च्या जवळ, पण दोन्ही १ पेक्षा थोडे कमी. म्हणून उत्तर २ च्या किंचित अलीकडे हवं. २१/२४ + २२/२४ = ४३/२४ = १ पूर्णांक १९/२४. पटतं. कोणी १८/२० लिहिलं असतं तर ते १ पेक्षाही कमी आहे, हे तिथल्या तिथे दिसलं असतं.

छेदांत फक्त २ आणि ५ हे मूळ अवयव असतील तर दशांश रूपातही पडताळा घेता येतो. ३/८ = ०.३७५ आणि २/५ = ०.४, बेरीज ०.७७५. आणि ३१ ला ४० ने भागलं तरी ०.७७५ येतं.

घड्याळही पडताळ्याला उपयोगी पडतं. तासाची ६० मिनिटं प्राचीन बॅबिलोनच्या गणनेतून आपल्याकडे आली, आणि ६० ला २, ३, ४, ५, ६, १०, १२, १५, २०, ३० या सगळ्यांनी भाग जातो. म्हणून हे छेद असलेला अपूर्णांक मिनिटांत नेला की समान छेद आधीच तयार असतो. २/५ + १/४ म्हणजे २४ मिनिटं आणि १५ मिनिटं, एकूण ३९ मिनिटं. ३९/६० म्हणजे १३/२०, आणि ८/२० + ५/२० केलं तरी तेच येतं. १/४ + १/६ म्हणजे १५ आणि १०, २५ मिनिटं, म्हणजे ५/१२. अपूर्णांकांना घाबरणाऱ्या मुलाला इथून सुरुवात करून द्यावी. मिनिटं मिळवायला तो घाबरत नाही.

आणखी काही अडखळण्याच्या जागा

गुणाकारात एका अपूर्णांकाचा अंश आणि दुसऱ्याचा छेद यांना एकाच संख्येने भागून काटता येतं. ती सवय बेरजेत शिरते. २/३ + ३/४ मधले दोन ३ काटून २ + १/४ लिहिणारी मुलं असतात. खरं उत्तर १७/१२ आहे, दोनापेक्षा कमी. मध्ये अधिक चिन्ह असताना तिरकं काटायचं नाही.

दुसरी गोष्ट छेद हरवण्याची. "८ + ३ = ११" अशी ओळ लिहून पुढे छेद लिहायचाच राहतो. समच्छेद केल्यावर एकच लांब रेघ मारून (८ + ३)/१२ असं लिहावं, म्हणजे छेद शेवटपर्यंत सोबत राहतो.

आणि ४ + २/९ अशा ठिकाणी थबकू नये. पूर्ण संख्येचा छेद १ असतो, पण तेवढंही करायची गरज नाही. उत्तर ४ पूर्णांक २/९ हे समोरच आहे.

पुढे बीजगणितात १/क + १/ख = (क + ख)/(क × ख) असं येतं, तेव्हा आयताची रुंदी क आणि उंची ख एवढाच फरक असतो. संख्यांवर ही समज पक्की असेल तर अक्षरांची भीती वाटत नाही.

सरावासाठी

प्रत्येक गणितात आधी छेदांचं नातं तोंडी सांगा, अंदाज बांधा, मग सोडवा.

१) ३/५ + १/१०
२) २/७ + १/३
३) ५/९ + १/६
४) ४/१५ + ५/१२
५) ३/१४ + ५/२१
६) १ पूर्णांक २/३ + २ पूर्णांक ७/८
७) १/४ + २/३ + ५/६

उत्तरं: १) ७/१०. १० ला ५ ने भाग जातो, फक्त पहिलाच अपूर्णांक बदलायचा. २) १३/२१. छेद सहमूळ, म्हणून संक्षिप्त रूपाचा प्रश्नच नाही. ३) १३/१८. ९ चा पाढा दुसऱ्याच पायरीवर थांबतो. ४) ४१/६०. मसावि ३, आणि ४१ ला ३ ने भाग जात नाही. ५) १९/४२. मसावि ७; पहिल्याला ३ ने गुणा, दुसऱ्याला २ ने. ६) ४ पूर्णांक १३/२४. अपूर्णांकांची बेरीज ३७/२४ येते, त्यातला १ पूर्णांकांत जातो. ७) २१/१२, म्हणजे ७/४, म्हणजे पावणेदोन. इथे १२ हा लसावि घेऊनही उत्तर ३ ने कटलं.